डायनोसॉरच्या आधी आपल्या नागपूरच्या जमिनीवर कोण होतं?

वैदर्भी_माय
नमस्कार मंडळी. लेक सातवीत आहे, शाळेत विज्ञान प्रदर्शन आहे. विषय त्याचा त्यानंच निवडला: डायनोसॉर यायच्या आधी जमिनीवर कोण राहत होतं. गटातल्या बाकीच्यांना धूर सोडणारा ज्वालामुखी करायचा होता, यानं सगळ्यांना पटवलं. पंचाईत अशी की घरातल्या पुस्तकांत डायनोसॉरवर पानंच्या पानं आणि त्याआधीच्या काळाला जेमतेम दोन ओळी. "जीव आधी समुद्रात होते, मग जमिनीवर आले." बस्स. त्या दोन ओळींत वीस-बावीस कोटी वर्षं उरकून टाकली आहेत.

मला याचं खरंच वाईट वाटतं. रमण विज्ञान केंद्रातल्या डायनोसॉरसमोर आपण सगळ्यांनी फोटो काढलेत. पण कोराडी-खापरखेड्याच्या चिमण्यांखाली जो कोळसा जळतो तो पहिल्या डायनोसॉरपेक्षाही जुना आहे, हे मला स्वतःला या वयात कळलं. आपल्या मुलांना ते आत्ताच कळायला हवं.

प्रश्न दोन. त्या काळात जमिनीवर नेमकं काय होतं? आणि नागपूरच्या आसपास त्यातलं काही डोळ्यांनी बघता येतं का?

टेकडी_रोड
वाचतोय. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

गिट्टीखदान_वाला
ताई, लांब कशाला जाता? सेमिनरी हिल्स घ्या. आमच्या लहानपणी तिकडच्या दगडांत बारके शंख सापडायचे. पोरांना घेऊन जा, एका सकाळचं काम.

दगड_वाचक
शंखांची आठवण अगदी बरोबर आहे, पण ते या विषयाला चालणार नाहीत. सीताबर्डीची टेकडी आणि सेमिनरी हिल्स हा दख्खनचा काळा पत्थर, लाव्हारसाचा. वय साधारण 6 कोटी 60 लाख वर्षं, म्हणजे डायनोसॉर संपले त्या सुमाराचं. दोन लाव्हांच्या मधल्या काळात तळी साचली, त्यातल्या गोड्या पाण्याच्या गोगलगायींचे ते शंख. सुंदर आहेत, पण ताईंच्या लेकाला हवाय त्याहून फार अलीकडचे.

नागपूरचं नशीब असं की गावाच्या चहूबाजूंना वेगवेगळ्या काळाची जमीन आहे. पश्चिमेला हा काळा पत्थर. पूर्वेला आणि रामटेक-मनसरकडे फार जुने, भट्टीतून गेल्यासारखे बदललेले खडक, मँगनीज तिथलंच. ते इतके जुने आहेत की तेव्हा जमिनीवर झाडाचं पानसुद्धा नव्हतं. आणि उत्तरेला, कन्हान नदीच्या पट्ट्यात, कामठी, सिलेवाडा, सावनेर, पाटणसावंगी, शिवाय दक्षिणेला उमरेड: हा गोंडवन काळाचा खडक, म्हणजे भारत, आफ्रिका, अंटार्क्टिका एकाच भूखंडात जोडलेले होते तेव्हाचा. ताई, तुमचं उत्तर तिथं आहे. या थरांतल्या एका मोठ्या भागाचं नावच भूगर्भशास्त्रात 'कामठी' आहे. जगभरातले अभ्यासक ते वापरतात आणि आपण मात्र कामठी म्हटलं की छावणी आणि ड्रॅगन पॅलेस एवढंच सांगतो.

सावनेरी_पोट्टा
हे मले माहीतच नव्हतं बाप्पा. रोज त्याच जमिनीवरून गाडी चालवतो ना मी.

फक्त_पुरावा
थोडी दुरुस्ती. कोळसा कार्बोनिफेरस काळातला असतो, साधारण 36 ते 30 कोटी वर्षांपूर्वीचा. प्रचंड दलदली, शंभर फुटी झाडं, दोन-दोन फुटांचे चतुर. कोणत्याही ज्ञानकोशात हेच चित्र असतं. प्रदर्शनात तेच लावावं.

दगड_वाचक
@फक्त_पुरावा, ते चित्र इंग्लंड, जर्मनी, अमेरिकेच्या कोळशाचं आहे. ते प्रदेश तेव्हा विषुववृत्ताजवळ होते, उष्ण आणि दमट. आपला भारत त्याच वेळी दक्षिण गोलार्धात खाली, बर्फाच्या शेजारी होता. आपला जवळजवळ सगळा दगडी कोळसा त्यानंतरच्या पर्मियन काळातला आहे. कन्हान आणि वर्धा खोऱ्यातला कोळसा ज्या थरांत मिळतो त्यांना बाराकर म्हणतात, वय ढोबळमानानं 28 कोटी वर्षं. झाडंही वेगळी. युरोपच्या दलदलीतली ती खवल्यांच्या सालीची उंच झाडं इकडे नव्हती. इकडे राज्य होतं ग्लॉसोप्टेरिस नावाच्या झाडाचं.

म्हणून कळकळीनं सांगतो, युरोपच्या दलदलीचं चित्र नागपूरच्या प्रदर्शनात 'आपला कोळसा' म्हणून लावू नका. प्रत्येक पाठ्यपुस्तकात हीच गल्लत होते आणि मुलं तीच घेऊन कॉलेजात येतात.

निवृत्त_ओव्हरमन
ग्लॉसोप्टेरिसचं नाव निघालं म्हणून लिहायला बसलो.

उभी नोकरी वेकोलिच्या (वेस्टर्न कोलफील्ड्स) भूमिगत कोळसा खाणीत गेली, कामठी पट्ट्यात. आधी शॉटफायरर, मग सरदार, मग ओव्हरमन. इनक्लाइननं, म्हणजे तिरप्या बोगद्यानं, खाली उतरताना वरचा दगड लालसर-पिवळा, रेताड. तोच कामठीचा दगड. खाली गेलं की करडा होत जातो आणि मग सीम, म्हणजे कोळशाचा थर, लागते. सीमच्या वर शेल असते, चिखलाचा झालेला दगड, काळा, थराथराचा. रूफ, म्हणजे डोक्यावरचं छत, तपासणं हे आमचं रोजचं काम. काठीनं ठोकायचं, आवाज भरीव आला तर ठीक, पोकळ आला तर सपोर्ट. वर बघत चालायची सवय लागते ती अशी.

त्या रूफवर पानं असायची. टोपीच्या दिव्याचा उजेड सरळ मारला तर काही दिसत नाही. मान वाकडी करून उजेड तिरपा पाडला की एकदम पानांचा सडा उभा राहतो. वीतभर लांबीची पानं, बुडाशी निमुळती, टोकाला गोलसर, मधोमध जाड शीर. त्या शिरेपासून दोन्ही बाजूंना बारीक शिरा निघतात आणि एकमेकींना मिळून जाळी करतात. हे जाळं ज्यानं एकदा पाहिलं तो दुसऱ्या पानाशी त्याची गल्लत करणार नाही. एकावर एक, एकावर एक, तिरकी-आडवी पडलेली. नख लावलं तर काळा पापुद्रा सुटून यायचा. तो पापुद्रा म्हणजे ते पानच, कोळसा झालेलं.

सीमच्या खालच्या दगडात मुळं दिसायची. चपटी, मधे आडव्या रेघा, शिडीसारखी. आमच्यातले जुने लोक त्याला काही म्हणत नसत, फक्त दाखवत. पुढे एका अभ्यासकानं सांगितलं की ती त्याच झाडाची मुळं, व्हर्टेब्रेरिया. आत हवेच्या पोकळ्या असत, म्हणून पाण्यात बुडालेल्या चिखलातसुद्धा मुळाचा जीव गुदमरत नसे.

माझ्यासाठी ही गोष्ट साधी नाही. वर पान, खाली मूळ आणि मधे आम्ही कोळसा काढत होतो. त्या जंगलाच्या पोटात उभे राहून.

वैदर्भी_माय
काका, हे वाचून अंगावर काटा आला. लेकाला मोठ्यानं वाचून दाखवलं. तो विचारतोय, पानं इतकी एकावर एक का पडली होती?

दगड_वाचक
हुशार आहे. ग्लॉसोप्टेरिस पानझडीचं झाड होतं असं मानायला चांगला आधार आहे. पानं थरच्या थर सापडतात आणि खोडांच्या जीवाश्मांत वर्षवलयं ठळक दिसतात. ध्रुवाच्या बाजूला उन्हाळा-हिवाळ्याचा फरक मोठा, हिवाळ्यात उजेड कमी. पानं टाकून झाड झोपत असे. आज आपल्याकडचा साग टाकतो तो उन्हाळ्याच्या कोरडेपणामुळे, याचं कारण वेगळं होतं.

हीच पानं दक्षिण आफ्रिका, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिकातही सापडतात. 1912 साली कॅप्टन स्कॉटची तुकडी दक्षिण ध्रुवावरून परतताना मेली, तेव्हा त्यांच्या सामानाशेजारी सुमारे 16 किलो दगड मिळाले. उपासमार, हिमदंश, गाडी ओढायची ताकद नाही, तरी ते दगड त्यांनी टाकले नव्हते. बिअर्डमोर हिमनदीच्या काठावरून गोळा केलेल्या त्या दगडांत ग्लॉसोप्टेरिसची पानं होती. सिलेवाड्याच्या रूफवर काकांनी पाहिली त्याच कुळातली.

सावनेरी_पोट्टा
म्हणजे सावनेर आणि अंटार्क्टिका एकाच गावकुसात होते म्हणा ना! आता उन्हाळ्यात 46 डिग्री झाली का मी हेच आठवीन.

चांद्यावरून
46 डिग्रीचा विषय निघालाच आहे तर आमच्या चंद्रपूरचं ऐका. कोळशाच्याही खाली तालचीर नावाचा थर आहे. चिखलात वेड्यावाकड्या आकाराचे, लहानमोठे दगड रुतलेले. पाण्यानं वाहून आणलेले गोटे आकारमानाप्रमाणे निवडले जातात, हे तसे नाहीत. हिमनदीनं ओढत आणून बर्फ वितळल्यावर जागच्या जागी टाकून दिलेला हा ऐवज आहे. जिल्ह्याच्या पश्चिमेला पैनगंगेकाठी इरई गावाजवळ याच थराखालच्या चुनखडीवर समांतर ओरखडे आहेत. बर्फात अडकलेले दगड घासत गेले त्याच्या रेघा. एकोणिसाव्या शतकात सर्वेक्षणवाल्यांनी त्या नोंदवल्या आणि उष्ण हिंदुस्थानात हिमनदी होती हे म्हणायला तेव्हा मोठी हिंमत लागली असणार. साधारण 30 कोटी वर्षांपूर्वीची गोष्ट. (इरई धरण नव्हे हां, ते वेगळं. लोक तिकडे जाऊन परत येतात.)

मे महिन्यात चंद्रपुरात उभं राहून त्या रेघांवर हात ठेवणं हा माझ्या दृष्टीनं महाराष्ट्रातला सगळ्यात मोठा अनुभव आहे. लेणी, किल्ले सगळं मान्य करून सांगतो.

महालातली_सून
किल्ल्यांच्या आधी क्रमांक लावलात? दुर्गप्रेमी येतील आता धाग्यावर :)

आमच्या महालातल्या जुन्या वाड्याच्या पायऱ्या कामठीच्या दगडाच्या आहेत असं सासरे सांगतात. लालसर, खरखरीत. त्यात पान सापडेल का?

दगड_वाचक
पायरीसाठी निवडलेला दगड जाड रेतीचा असतो, त्यात नाजूक पानाचा ठसा टिकणं कठीण. कामठीच्या थरांत पानं मिळतात ती मधल्या बारीक मातीच्या पट्ट्यांत. आणि दिसायला वेगळी: काकांनी सांगितलेला काळा पापुद्रा तिथं नसतो. पान कुजून गेलेलं, फक्त ठसा उरलेला, फिकट दगडावर लोखंडाच्या गंजाचा तांबूस रंग. सिलेवाड्याच्या जुन्या खदानींतून असे ठसे दीडशे-पावणेदोनशे वर्षांपूर्वीच गोळा झाले.

जुनापाणी
गोळा करणारा माणूस कोण, हे सांगायलाच हवं. स्टीफन हिस्लॉप. कॉलेजच्या नावामुळे प्रत्येक नागपूरकराच्या तोंडी आहे, पण हा मिशनरी 1845 साली इथं आला आणि धर्मप्रसाराबरोबर पायी फिरून दगड, जीवाश्म, गोंडांच्या कथा, शिळावर्तुळं सगळं टिपत गेला हे फार थोड्यांना ठाऊक असतं. सहकारी रॉबर्ट हंटर याच्यासोबत त्यानं नागपूरच्या भूरचनेवर लिहिलं. चंद्रपूर भागातल्या मांगली इथून मिळालेली एक चपटी कवटी लंडनला गेली. 1855 साली रिचर्ड ओवेन यांनी तिचं वर्णन केलं: ब्रॅकिऑप्स लॅटिसेप्स. रुंद डोक्याचा, पाण्यात दबा धरून राहणारा उभयचर. 'डायनोसॉर' हा शब्द ज्यांनी दिला तेच हे ओवेन. पुढे प्राणहिता खोऱ्यातल्या एका मगरीसारख्या प्राण्याला पॅरासुकस हिस्लॉपी असं नाव मिळालं, हिस्लॉपच्या स्मरणार्थ.

1863 साली टाकळघाटची शिळावर्तुळं पाहून परतताना नाल्याच्या पुरात तो बुडाला. हिस्लॉपाइट हे खनिजही त्याच्याच नावाचं. शहरात त्याच्या या कामाची नीट ओळख करून देणारा एक फलक तरी लागावा असं मला मनापासून वाटतं.

टेकडी_रोड
फलकाला +१. जुनापाणीची शिळावर्तुळं काटोल रोडवर आहेत ती हीच का? तिकडे एकदा जायचंय.

जुनापाणी
हो, त्याच परंपरेची. पण ती माणसाची, लोहयुगातली. तो वेगळा धागा काढू, इथं ताईंचा विषय भरकटेल.

कीटक_वेडी
मी किड्यांवर बोलते. फक्त_पुरावा यांनी दोन फुटी चतुर लिहिला. मेगान्यूरा, फ्रान्समधला, पंखांचा पसारा 65-70 सेंटिमीटर. खऱ्या चतुरांचा तो चुलत नातेवाईक. सोबत आर्थ्रोप्लूरा, पावसात निघणाऱ्या पैसा किड्यासारखा, पण माणसाहून लांब. इंग्लंडच्या नॉर्थंबरलँडमध्ये 2018 साली त्याच्या कवचाचा एक तुकडा मिळाला, त्यावरून पूर्ण प्राणी सुमारे 2.6 मीटरचा असावा असा अंदाज आला. वय 32 कोटी 60 लाख वर्षं.

सगळीकडे कारण एकच दिलेलं असतं, हवेत ऑक्सिजन जास्त होता. तो पुढे 30 टक्क्यांच्या आसपास गेला हे खरं, आज 21 आहे. पण हा नॉर्थंबरलँडचा प्राणी ऑक्सिजन शिखरावर पोचायच्या आधीच एवढा वाढला होता. तेव्हा मुबलक खाणं आणि त्याला खाऊ शकेल असा मोठा शिकारी नसणं, हेही कारण धरायला हवं. किड्यांच्या बाबतीत तर हवेत उडणारा पाठीचा कणावाला एकही नव्हता. पक्षी नाहीत, वटवाघळं नाहीत. आकाश पूर्ण त्यांचं होतं.

फक्त_पुरावा
हे वजनदार आहे. तरी ऑक्सिजन पूर्ण बाद करता येणार नाही. कीटक नळ्यांतून श्वास घेतात, शरीर वाढलं की नळ्यांना शरीरात जास्त जागा लागते. पण माझा मूळ प्रश्न वेगळा आहे. ही 28 कोटी, 32 कोटी वर्षं मोजली कशी? दगडावर तारीख लिहिलेली नसते.

दगड_वाचक
ज्वालामुखीच्या राखेत झिरकॉनचे बारीक स्फटिक असतात. स्फटिक तयार होताना त्यात युरेनियम शिरतं, शिसं जवळजवळ शिरत नाही. युरेनियम 238 चं अर्धं शिसं व्हायला 447 कोटी वर्षं लागतात. दोघांचं प्रमाण मोजलं की वय निघतं. चीनमधल्या मेईशानच्या राखेवरून पर्मियनचा शेवट 25 कोटी 19 लाख वर्षांवर बसवला तो असाच. आपल्या कोळशाच्या थरांत मुख्य आधार परागकण आणि बीजाणूंचा. हा दगड आम्लात विरघळवला की ते अख्खे निघतात. ज्या देशात तेच कण राखेच्या थरांसोबत मिळतात तिथल्या वयाशी आपले थर जुळवतात. लखनौच्या बिरबल साहनी संस्थेनं हे काम पिढ्यानपिढ्या केलंय.

छोट्यांची_मावशी
तज्ज्ञांनो, जरा सातवीच्या पोराकडे या. आमच्या घरी डायनोसॉरच्या खेळण्यांच्या पाकिटात पाठीवर शीड असलेला एक येतो. तो डायनोसॉरच ना?

कीटक_वेडी
डायमेट्रोडॉन! तो डायनोसॉर नाही. 29-27 कोटी वर्षांपूर्वीचा, पहिल्या डायनोसॉरच्या चार कोटी वर्षं आधीच संपलेला. डोळ्यामागे कवटीला एकच भोक, आपल्या सस्तन प्राण्यांच्या शाखेची खूण. त्यामुळे तो टी-रेक्सपेक्षा तुमच्या भाच्याला जास्त जवळचा. पाकिटातून त्याला वेगळा काढून थेट प्रदर्शनाच्या टेबलावर ठेवा.

छोट्यांची_मावशी
भाचा आनंदानं उड्या मारतोय. घरातल्या सगळ्यांना "तुम्ही डायमेट्रोडॉनचे नातेवाईक" सांगत फिरतोय.

सिरोंचा_मार्गे
आपल्या बाजूचे प्राणी कोणी सांगितले नाहीत म्हणून लिहितो. प्राणहिता ओलांडली की तेलंगणात कुंदारम आहे. तिथं पर्मियनच्या शेवटच्या काळातले, म्हणजे कामठीच्या खालच्या भागाच्या आगेमागे जगलेले प्राणी सापडले. मुख्य एंडोथिओडॉन: दणकट, शाकाहारी, चोचीसारखा जबडा, डायमेट्रोडॉनसारखाच सस्तनांच्या शाखेतला. त्याच नदीखोऱ्यात थोड्या वरच्या थरांत येरापल्लीचा वाडियासॉरस (नावात सॉरस असला तरी एंडोथिओडॉनच्याच गटातला), मग मालेरीचे थर, आणि मग कोटाचा बारापासॉरस, तो खरा डायनोसॉर. एकाच खोऱ्यात चढत गेलं की आधीचे आणि नंतरचे दोन्ही भेटतात. यातलं पुष्कळ काम कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या लोकांनी केलं. आकडेमोडीच्या संस्थेत बारापासॉरसचा सांगाडा उभा आहे, आवर्जून पाहावा.

सिरोंच्याजवळ वडधमला जीवाश्म उद्यान आहे, पण तिथली दगड झालेली खोडं डायनोसॉरच्या काळातली. ताईंच्या लेकाला सांगून ठेवा, नाहीतर तिकडे जाऊन हिरमुसेल.

खापरखेडा_क्वार्टर
एक विचारू? कोळशाच्या वर लाल दगड, आणि लाल दगडात कोळसा नाही. मी वाचलंय की 25 कोटी वर्षांपूर्वी सगळ्यात मोठा विनाश झाला. म्हणजे कामठीचा लाल रंग हाच त्या विनाशाचा पुरावा समजायचा का?

फक्त_पुरावा
तर्क सुटसुटीत आहे. जंगल मेलं, कोळसा थांबला, जमीन लाल झाली.

दगड_वाचक
सुटसुटीत आहे, पण बरोबर नाही, आणि हे पोस्टरवर चुकून जायला नको. कामठीच्या खालच्या थरांत ग्लॉसोप्टेरिस भरपूर आहे. म्हणजे दगड लाल व्हायला लागला तेव्हा जंगल जिवंत होतं. लाल रंग येतो तो लोखंड हवेत गंजल्यामुळे: दलदल आटली, पाण्याचा निचरा होऊ लागला, हवा कोरडी आणि उबदार झाली. ते बदल विनाशाच्या आधीच सुरू झाले होते. कामठीचे थर पर्मियनच्या शेवटापासून त्यानंतरच्या ट्रायासिक काळापर्यंत पसरलेत, त्यामुळे विनाशाची घडी त्यांच्या आत कुठंतरी आहे, पण रंग बघून तिच्यावर बोट ठेवता येत नाही.

विनाश मात्र खराच भयंकर होता. सायबेरियात लाव्हाचे पूर आले, त्या लाव्हानं जमिनीखालचा कोळसाही भाजला, हवेत कार्बन डायऑक्साइड प्रचंड वाढला. समुद्रातल्या दहापैकी आठ-नऊ जाती गेल्या. आणि जमिनीवर ग्लॉसोप्टेरिस संपलं. ऑस्ट्रेलियात सिडनीच्या थरांवरून दिसतं की तिथलं जंगल समुद्रातल्या मुख्य संहाराच्या काही लाख वर्षं आधीच कोसळलं होतं. त्यानंतर सुमारे एक कोटी वर्षं जगात कुठंच कोळसा तयार झाल्याचं सापडत नाही. दलदलीत वाढणारी झाडंच उरली नव्हती.

निवृत्त_ओव्हरमन
एक कोटी वर्षं कोळसा नाही. वाचून गप्प बसलो. आम्ही वर्षाचं टार्गेट मोजायचो.

सावनेरी_पोट्टा
काका, ओबीच्या, म्हणजे कोळशावरून काढून टाकलेल्या दगडमातीच्या, ढिगावर जाऊन पानं शोधली तर चालन काय? उघड्या खाणीतून काढलेला माल रस्त्याकडेला डोंगराएवढा पडला आहे ना.

निवृत्त_ओव्हरमन
अजिबात नको. ओबी डंप म्हणजे भुसभुशीत, पायाखालून सरकतो. आत कोळशाचा चुरा असतो, तो आपोआप पेटतो. वरून राख थंड दिसते आणि खाली निखारा. पावसानंतर तर जवळही फिरकू नका. खाणीची हद्द ती हद्द, परवानगीशिवाय पोराला नेणं गुन्हा आहे. शाळेनं पत्र लिहून विचारावं, भूगर्भ विभागाचे लोक नमुने दाखवतात. सेमिनरी हिल्सला भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचं कार्यालय आहे, तिथंही शाळेमार्फत विचारा.

वैदर्भी_माय
सगळ्यांचे मनापासून आभार. शाळेनं पत्र तयार केलंय. आता एक अडचण राहिली. जमिनीवरचं जीवन सुरू कुठून झालं ते कोणीच लिहिलं नाही. सगळे कोळशापाशीच थांबलेत!

कीटक_वेडी
घ्या. सर्वात आधीचे जमिनीवरच्या वनस्पतींचे बीजाणू साधारण 47 कोटी वर्षांपूर्वीचे. मग स्कॉटलंडमधलं ऱ्हायनी, 40 कोटी 70 लाख. गरम पाण्याच्या झऱ्यातल्या सिलिकानं अख्खी बाग जागच्या जागी गोठवून ठेवली. झाडं वीत-दीड वीत उंच, धड पानं नाहीत, नुसत्या दोन-दोन फांद्या. पण काप काढून पाहिला तर पेशीन् पेशी दिसते, पेशीत राहणारी बुरशी दिसते, बाजूला कोळ्यांचे नातेवाईक आणि माइट. त्याच काळात प्रोटोटॅक्साइट्स नावाचं काहीतरी आठ मीटरपर्यंत उंच वाढत होतं. खोडासारखं दिसतं पण झाड नाही, मोठी बुरशी असावी का यावर वाद चालू आहे. मुलांना ते नक्की आवडेल.

पुढे 38-39 कोटींच्या सुमारास पहिली खरी जंगलं. 37 कोटी 50 लाखांवर टिक्टालिक, कॅनडाच्या उत्तर टोकाला 2004 साली सापडलेला मासा, ज्याच्या पोहायच्या परांमध्ये मनगटासारखी हाडं आहेत. 31-32 कोटींवर हायलोनोमस, वीतभर सरपटणारा प्राणी, तोही पोकळ झाडाच्या बुंध्यात सापडला, नोव्हा स्कोशियात. कवचाचं अंडं घालणाऱ्या कुळाचा हा. अंड्यासाठी पाण्यात परतायची गरज संपली आणि प्राणी जमिनीवर कायमचे मोकळे झाले. माझ्या मते सगळ्या गोष्टीत हेच वळण सर्वात मोठं.

चांद्यावरून
एक सुचवू? एका सेंटिमीटरला एक कोटी वर्षं अशी 47 सेंटिमीटरची कागदी पट्टी करा. माणूस तीन लाख वर्षांचा, म्हणजे 0.3 मिलिमीटर, बारीक पेनाची रेघ. सीताबर्डीचा काळा पत्थर 6.6 वर. पहिले डायनोसॉर 23 वर. विनाश 25.2 वर, तिथं लाल रेघ. बाराकरचा कोळसा 28 च्या जवळपास, आमच्या इरईचा बर्फ 30 वर. बाकी कीटक_वेडी यांनी दिलंच आहे.

वैदर्भी_माय
पट्टी झाली! लेकानं बर्फाला निळा आणि कोळशाला खराखुरा कोळसा घासून रंग दिला. डायनोसॉरपेक्षा त्यांच्या आधीचा भाग लांब आला हे बघून गटातले ज्वालामुखीवाले गप्प झाले आणि एकानं विचारलं, "मग सायबेरियाचा ज्वालामुखी आपण 25.2 वर करू शकतो ना?" आता दोन्ही होणार.

शेवटचा प्रश्न. शाळेला एका जुन्या संग्रहातून शेलचा एक तुकडा उसना मिळालाय, त्यावर अर्धं पान आहे. धूळ बसलीय. धुवायचा का?

निवृत्त_ओव्हरमन
पाणी लावू नका. शेल पाणी पिते, सुकताना पापुद्रे सुटतात आणि पान जातं. कोरडा मऊ ब्रश, शिरेच्या दिशेनं, हलक्या हातानं. व्हार्निश, तेल काही नको. आडवा ठेवा, खाली कापूस. प्रदर्शनात डोक्यावरचा दिवा बंद करून एका बाजूनं टॉर्च लावा, जमिनीला जवळजवळ समांतर. शिरांचं जाळं आपोआप दिसेल.

दगड_वाचक
आणि तुकड्यासोबतची जुनी चिठ्ठी असेल तर ती फेकू नका. कोणत्या खाणीतून, कोणत्या सीमच्या वरून, हे त्या चिठ्ठीवर असतं. ठिकाण माहीत नसलेल्या पानाचा अभ्यासाला फारसा उपयोग होत नाही.

वैदर्भी_माय
चिठ्ठी आहे. शाई उडालीय, पण 'सिलेवाडा' एवढं वाचता येतंय.